राजाचे वचन आणि प्रजेची सनद

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा संपादित मजकूर)

आजच्या व्याख्यानाचा विषय ऐकून आपल्यापैकी काहींच्या कपाळाला आठी पडली असेल. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातील जर्मन संस्थाने, तेथील राजे, ड्यूक आणि इलेक्टर यांच्याशी आपल्याला काय कर्तव्य आहे? फ्रेंच राज्यक्रांतीवर किंवा रशियन क्रांतीवर बोला, असे संयोजकांनी सुचवलेही होते. परंतु क्रांत्यांचा इतिहास आपण पुष्कळ वाचतो. वरून दिल्या गेलेल्या सुधारणांचा इतिहास मात्र फारसा वाचत नाही. वास्तविक आपले सार्वजनिक जीवन बहुतांशी अशा सुधारणांच्या सावलीतच चालते. सरकार घोषणा करते, कायदा होतो, कायद्याखाली नियम होतात, नियमांना अपवाद होतात, आणि ज्याच्या नावाने हे सारे झाले त्याच्या पदरात शेवटी काय पडले, हे विचारायला कोणी उरत नाही. या व्यवहाराची जातकुळी समजून घेण्यासाठी १८०६ ते १८४८ या काळातील जर्मनीइतका चांगला धडा माझ्या तरी पाहण्यात नाही.

मला सांगायचे आहे ते थोडक्यात असे. राज्यकर्त्याने अडचणीत सापडल्यावर दिलेले वचन सामान्यतः अडचण दूर होईपर्यंतच जिवंत असते. ते पुढे टिकते ते त्याच्या सद्बुद्धीमुळे नव्हे. ते मोडण्याची किंमत त्याला मोजावी लागेल अशी व्यवस्था जेथे असते, तेथेच ते टिकते. आणि ही व्यवस्था ज्यांच्या हाती असते, वचनाचा लाभही प्रथम त्यांनाच होतो.

पराभवाच्या पोटी आलेली सुधारणा

त्या काळचा नकाशा आधी डोळ्यांसमोर आणू. अठराव्या शतकाच्या अखेरीस ‘पवित्र रोमन साम्राज्य’ या नावाखाली तीनशेहून अधिक लहानमोठी राज्ये, धर्मपीठांच्या जहागिरी आणि स्वायत्त नगरे नांदत होती. नेपोलियनच्या दडपणाखाली १८०३ मध्ये त्यांतील शंभरावर घटक शेजारच्या मोठ्या राज्यांत विलीन झाले. ६ ऑगस्ट १८०६ रोजी सम्राट फ्रान्त्स दुसरा याने मुकुट खाली ठेवला आणि ते साम्राज्यच संपले. बव्हेरिया, वुर्टेंबर्ग आणि सॅक्सनी येथील राज्यकर्त्यांना ‘राजा’ ही पदवी मिळाली तीही त्याच वर्षी, नेपोलियनच्या कृपेने. म्हणजे जे राजे पुढे ‘ईश्वरदत्त’ अधिकाराच्या गोष्टी सांगू लागले, त्यांतील कित्येकांचा ईश्वर पॅरिसमध्ये राहत होता!

प्रशियाचा राजा फ्रीड्रिश विल्हेल्म तिसरा हा नेपोलियनच्या विरोधात गेला. १४ ऑक्टोबर १८०६ रोजी येना आणि आउअरश्टेट येथे त्याच्या सैन्याची दाणादाण उडाली. बर्लिनच्या गव्हर्नरने तेव्हा शहरात एक सूचनापत्र लावले. राजेसाहेबांनी एक लढाई गमावली आहे, आता शांतता राखणे हे नागरिकांचे पहिले कर्तव्य आहे, एवढाच त्याचा आशय होता. राज्य बुडत होते, आणि नागरिकाचे पहिले कर्तव्य काय, तर गप्प बसणे! पुढे जुलै १८०७ च्या टिल्झिटच्या तहाने प्रशियाचा जवळजवळ निम्मा मुलूख गेला आणि उरलेल्यावर जबर खंडणी बसली.

या अपमानातून प्रशियाच्या प्रसिद्ध सुधारणा जन्माला आल्या. बॅरन फॉम स्टाइन या मंत्र्याने ९ ऑक्टोबर १८०७ चा जाहीरनामा काढवला. जमिनीला जन्मतः जखडलेली प्रजा ही संस्था रद्द करण्यात आली, आणि नोव्हेंबर १८१० नंतर राज्यात केवळ स्वतंत्र माणसेच असतील, असे घोषित झाले. १८०८ मध्ये शहरांना स्वतःचा कारभार निवडून दिलेल्या प्रतिनिधींमार्फत पाहण्याचा अधिकार मिळाला. स्टाइनला नेपोलियनच्या रोषामुळे जावे लागले. १८१० पासून चान्सेलर झालेल्या हार्डेनबर्गने व्यवसायस्वातंत्र्य आणले व कारागिरांच्या श्रेणींची मक्तेदारी मोडली. या कामगिरीचे मोल मी कमी लेखत नाही. जो माणूस मालकाच्या परवानगीवाचून लग्न करू शकत नव्हता, गाव सोडू शकत नव्हता, त्याच्या दृष्टीने हे शब्द पोकळ नव्हते.

पण अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याने जाहीरनाम्यापाशी थांबू नये. पुढचे नियम वाचावेत. माणूस स्वतंत्र झाला, पण तो कसत असलेली जमीन कोणाची? तिच्यापोटी करावी लागणारी वेठ कायमच होती. १४ सप्टेंबर १८११ च्या हुकुमाने उत्तर दिले, की वेठीतून सुटून मालक व्हायचे असेल तर वंशपरंपरागत हक्क असलेल्या कुळाने आपल्या जमिनीचा एक तृतीयांश भाग जमीनदाराला द्यावा, आणि तसा हक्क नसलेल्याने अर्धा. जो पिढ्यान् पिढ्या राबला त्यानेच आपल्या सुटकेची किंमत मोजायची आणि ज्याने राबवले त्याला ती नुकसानभरपाई म्हणून मिळायची!

एवढ्यावरही युंकर जमीनदारांचे समाधान झाले नाही. नेपोलियनचा पाडाव झाल्यावर, २९ मे १८१६ रोजी, त्याच हुकुमाचा ‘खुलासा’ निघाला. स्वतःचे औत चालवण्याइतकी जनावरे बाळगणाऱ्या, जुन्या व करपटावर नोंदलेल्या शेतकऱ्यालाच ही सवलत लागू आहे, असे त्यात म्हटले होते. ज्याच्याजवळ जनावरे नव्हती, जो हाताने वेठ करीत होता, तो लहान कसणारा एका खुलाशाने बाहेर फेकला गेला. त्याला थेट २ मार्च १८५० च्या कायद्यापर्यंत वाट पाहावी लागली, आणि मधल्या काळात अशा कित्येकांची जमीन जमीनदाराच्या शेतात मिसळून गेली. शेतकऱ्याची जमीन जमीनदाराने गिळू नये म्हणून पूर्वीच्या राजांनी घातलेले निर्बंधही याच काळात उठले. गडी-मोलकऱ्यांसाठी १८१० मध्ये जे नियम झाले, त्यांत मालकाने चिडून केलेल्या किरकोळ मारहाणीबद्दल दाद मागण्याची सोय नव्हती. ते नियम १९१८ पर्यंत टिकले. स्वतंत्र माणूस भूमिहीन मजूर झाला. कायद्याने तो स्वतंत्र होता. पोटाने नव्हता.

आपल्याकडे १ एप्रिल १९५७ हा ‘कृषकदिन’ ठरला, कसेल त्याची जमीन झाली. पण त्याआधीच कितीतरी कुळांचे ‘राजीखुशीचे’ राजीनामे तयार होते. ज्यांनी ते कागद पाहिले आहेत त्यांना १८१६ चा खुलासा अपरिचित वाटणार नाही.

तीन वचने

आता राजकीय हक्कांकडे वळू. फ्रीड्रिश विल्हेल्म तिसरा याने प्रजेला प्रतिनिधिमंडळ देण्याचे वचन दिले होते. त्याच्या तारखा मुद्दाम ध्यानात घ्या. पहिले वचन २७ ऑक्टोबर १८१० च्या अर्थविषयक फर्मानात आहे. तेव्हा खंडणी भरायला तिजोरीत पैसा नव्हता आणि नवे कर बसवायचे होते. दुसरी गोष्ट १७ मार्च १८१३ ची. ब्रेस्लाउहून राजाने ‘माझ्या प्रजेस’ उद्देशून आवाहन काढले. त्यात सनदेचा शब्द नव्हता. परंतु राजा प्रथमच प्रजेशी असे बोलत होता, आणि आपण रक्त दिले तर आपला शब्दही ऐकला जाईल, असे तरुणांनी मानले. विद्यार्थी व कारागीर स्वयंसेवक झाले, स्त्रियांनी सोन्याचे दागिने देऊन लोखंडाचे घेतले. तिसरे व सर्वांत स्पष्ट वचन २२ मे १८१५ चे: प्रजेचे प्रतिनिधिमंडळ स्थापन केले जाईल आणि लेखी राज्यघटना तयार होईल. त्या वेळी नेपोलियन एल्बाहून परतला होता आणि वॉटर्लूची लढाई व्हायला चार आठवडे होते.

वॉटर्लू जिंकले. प्रतिनिधिमंडळ झाले नाही.

जून १८१५ मध्ये सुमारे ३९ राज्यांचा जर्मन राज्यसंघ झाला. त्याच्या करारातील १३ व्या कलमात म्हटले होते, की प्रत्येक राज्यात प्रातिनिधिक स्वरूपाची घटना ‘होईल’. केव्हा होईल, कशी होईल, न झाल्यास काय होईल, यांविषयी कलम मौन पाळते. सरकारी मसुदे वाचण्याची ज्यांना सवय आहे त्यांना हे क्रियापद ओळखीचे वाटेल.

काही राजांनी शब्द पाळला, हे न्यायाने सांगितले पाहिजे. साक्स-वायमारच्या कार्ल ऑगस्टने १८१६ मध्ये घटना दिली. बव्हेरिया आणि बाडेन यांनी १८१८ मध्ये, तर वुर्टेंबर्गने १८१९ मध्ये दिली. दक्षिणेतील या राज्यांना नवे मुलूख मिळाले होते, तेथील प्रजेला एका राज्यात सांधायचे होते. डोक्यावर कर्ज होते, आणि राजाच्या एकट्या सहीपेक्षा प्रतिनिधिसभेची हमी असलेल्या कर्जावर सावकाराचा विश्वास अधिक बसतो. उदारमतवाद होता, पण त्याला हिशेबाचा आधार होता.

याच्या उलट टोक पाहायचे तर हेसे-कासेलचा वृद्ध इलेक्टर विल्हेल्म पाहावा. सात वर्षांच्या परागंदा अवस्थेनंतर तो १८१३ मध्ये परतला आणि मधली सात वर्षे जणू झालीच नाहीत असे समजून राज्य करू लागला. सैनिकांच्या पाठीवर जुन्या पद्धतीच्या वेण्या पुन्हा आल्या, अधिकाऱ्यांचे दर्जे मागे गेले, आणि मधल्या राजवटीत ज्यांनी सरकारी जमिनी रीतसर विकत घेतल्या होत्या त्यांचे व्यवहारही त्याने अमान्य केले. कॅलेंडर मागे फिरवण्याची हौस राज्यकर्त्यांना नेहमीच असते. त्याने ती वेणीसकट भागवली.

मार्च १८१९ मध्ये कार्ल झांड या विद्यार्थ्याने कोट्सेबू या नाटककाराचा मानहाइम येथे खून केला. ऑस्ट्रियाच्या मेटरनिखला हवे ते निमित्त मिळाले. २० सप्टेंबर १८१९ रोजी कार्ल्सबाडचे ठराव संघसभेने मंजूर केले. विद्यापीठांवर सरकारी देखरेख आली, विद्यार्थिसंघटनांवर बंदी आली, आणि वीस छापील फर्म्यांपेक्षा, म्हणजे सुमारे ३२० पृष्ठांपेक्षा, लहान असलेला सर्व मजकूर पूर्वतपासणीखाली आला. जाड ग्रंथ सुटले; पत्रके आणि वृत्तपत्रे अडकली. गरिबाच्या हाती काय पडते, हे राज्यकर्त्यांना चांगले माहीत असते. एका वेड्या तरुणाच्या सुऱ्याने सबंध चळवळीचे किती नुकसान झाले, हेही येथे आपण विसरू नये.

गटिंगेनचे सात

आता एका वेगळ्या प्रसंगाकडे येतो. या प्रसंगाचा काटा माझ्या स्वतःच्या मनात आहे.

१८३० च्या पॅरिसमधील क्रांतीचे पडसाद जर्मनीत उमटले. ब्रन्सविकमध्ये लोकांनी ड्यूक कार्लचा राजवाडाच जाळला आणि त्याला पळून जावे लागले. हेसे-कासेल व सॅक्सनी यांना १८३१ मध्ये घटना मिळाल्या, हॅनोव्हरला १८३३ मध्ये. हॅनोव्हरचा राजा आणि इंग्लंडचा राजा तोपर्यंत एकच असे. २० जून १८३७ रोजी विल्यम चौथा वारला. इंग्लंडची गादी व्हिक्टोरियाकडे गेली, परंतु हॅनोव्हरच्या वारसाहक्कात पुरुष हयात असता स्त्रीला स्थान नव्हते. तेथे तिचा काका एर्न्स्ट ऑगस्ट राजा झाला. १ नोव्हेंबर १८३७ रोजी त्याने घटना रद्द केली आणि नोकरवर्गाने घटनेला वाहिलेल्या शपथेतून सर्वांना मोकळे केले.

कारण काय? तत्त्वाची भाषा पुष्कळ झाली. पण १८३३ च्या घटनेने राजाच्या खासगी जमिनींचे उत्पन्न आणि राज्याची तिजोरी एकत्र करून राजाला ठरावीक नेमणूक बांधून दिली होती. नवे राजे कर्जबाजारी होते. बाकीचे आपण समजू शकाल.

गटिंगेन विद्यापीठातील सात प्राध्यापकांनी १८ नोव्हेंबरला लेखी निषेध केला. डालमान, याकोब ग्रिम, विल्हेल्म ग्रिम, गेर्विनुस, एवाल्ड, वेबर आणि अल्ब्रेख्ट ही ती नावे. यांतील ग्रिमबंधूंच्या परीकथा आपल्याकडच्या मुलांनीही वाचल्या आहेत. त्यांचे म्हणणे साधे होते. शपथ आम्ही घटनेची घेतली, एका माणसाच्या हुकुमाने ती सुटत नाही. आणि शपथेशी खेळणारे शिक्षक म्हणून विद्यार्थ्यांसमोर आम्ही उभे कसे राहणार? डिसेंबरमध्ये सातही जण बडतर्फ झाले. डालमान, गेर्विनुस आणि याकोब ग्रिम यांना तीन दिवसांत राज्य सोडावे लागले. विद्यार्थ्यांनी निषेधपत्राच्या प्रती हाताने लिहून जर्मनीभर पसरवल्या. लाइपझिगमध्ये नागरिकांनी समिती स्थापून वर्गणी जमवली आणि बडतर्फांचे पगार चालू ठेवले.

अल्ब्रेख्टच्या जन्मगावी, प्रशियातील एल्बिंग येथे, नागरिकांनी त्याला अभिनंदनाचे पत्र पाठवले. प्रशियाचा गृहमंत्री रोखो याने त्यांना सुनावले, की प्रजाजनांनी आपल्या मर्यादित बुद्धीच्या मापाने राज्यप्रमुखाच्या कृत्याचे मोजमाप करू नये. ‘प्रजेची मर्यादित बुद्धी’ हा शब्दप्रयोग तेव्हापासून जर्मन भाषेत उपहासाने रूढ झाला. संघसभेने १८३९ मध्ये हस्तक्षेप करण्याचे नाकारले. घटना परत आली नाही.

हे सात जण. पण विद्यापीठात प्राध्यापक सातच नव्हते. बाकीच्यांचे काय? बहुतेक गप्प राहिले. ते दुष्ट नव्हते. त्यांना घरे होती, मुले होती, पुरी व्हायची पुस्तके होती. मी त्यांना चांगला ओळखतो. पस्तीस वर्षांच्या अध्यापनात एकदा माझ्यापुढेही एक कागद आला होता. घड्याळी तासिकेवर शिकवणाऱ्या एका तरुण सहकाऱ्याने, सही एका रकमेवर आणि हातात दुसरी रक्कम का, असे विचारले होते, आणि त्याचे तास बंद झाले होते. चार जणांनी सह्या केल्या होत्या. मी म्हणालो, ‘मजकुराची भाषा जरा नीट करू, उद्या बघू.’ दुसऱ्या दिवशी तो कागद पुढे निघून गेला. माझी सही त्यावर नव्हती. त्या वर्षी मी वर्गात मूलभूत हक्कांचे अर्थशास्त्रीय महत्त्व शिकवत होतो. तो सहकारी नंतर शिक्षकी पेशातच राहिला नाही. हे सांगून मला मन हलके करायचे नाही. सातांचा गौरव करताना आपण बहुधा स्वतःला त्या सातांत धरतो. तसे करू नये, एवढेच सांगायचे आहे.

राजाच्या थैलीची गाठ

मग प्रशियाच्या वचनाचे पुढे काय झाले? ते एका अनपेक्षित ठिकाणी शिल्लक राहिले होते. १७ जानेवारी १८२० रोजी प्रशियाने सरकारी कर्जाचा कायदा केला. सारे कर्ज सुमारे १८ कोटी थालर म्हणून जाहीर झाले, आणि पुढे नवे कर्ज काढायचे तर भावी राष्ट्रीय प्रतिनिधिसभेच्या संमतीने व हमीनेच काढता येईल, असे त्यात नमूद झाले. सभा तर अस्तित्वातच नव्हती! १८२३ मध्ये प्रांतवार सल्लागार सभा नेमून राजाने विषय बाजूला सारला. सत्तावीस वर्षे सरकारने काटकसर केली, सरकारी व्यापारसंस्थेमार्फत आडवाटेने पैसा उभा केला, पण कायद्याची ती ओळ कोणाला पुसता आली नाही. ती पुसली असती तर प्रशियाच्या कर्जरोख्यांवर विश्वास कोणी ठेवला असता?

राजा १८४० मध्ये वारला. त्याचा मुलगा फ्रीड्रिश विल्हेल्म चौथा गादीवर आला. योहान याकोबी या केनिग्सबर्गच्या डॉक्टराने १८४१ मध्ये एक पुस्तिका काढून विचारले, की १८१५ च्या वचनाचे काय झाले? जे कृपा म्हणून मागत होतो ते आता हक्क म्हणून मागू, असा तिचा सूर होता. त्याच्यावर राजद्रोहाचा खटला झाला. १८४३ मध्ये तो निर्दोष सुटला.

आणि मग रेल्वे आली. बर्लिनपासून पूर्व प्रशियापर्यंत लोहमार्ग बांधायचा होता. खासगी भांडवल तयार नव्हते, सैन्याला तर मार्ग हवा होता. म्हणजे कर्ज हवे. कर्ज हवे म्हणजे सभा हवी. ११ एप्रिल १८४७ रोजी बर्लिनमध्ये ‘संयुक्त सभा’ भरली. राजाने उद्घाटनातच सांगितले, की ईश्वर आणि हा देश यांच्या मध्ये मी लिहिलेला कागद येऊ देणार नाही. सभासदांनी विचारले, सभा नियमित भरणार की नाही? ऱ्हाइन प्रांतातील उद्योगपती हान्सेमान याने स्पष्टच सांगितले, की पैशाचा प्रश्न आला की गोडीगुलाबी संपते. सभेने दोन-तृतीयांशांच्या आसपास बहुमताने कर्जाला नकार दिला. ज्यांच्या प्रांतात ती रेल्वे जायची होती त्या पूर्व प्रशियातील अनेक प्रतिनिधींनीही विरोधात मत दिले. बांधकाम थांबले. पुढच्याच मार्चमध्ये बर्लिनच्या रस्त्यांत अडथळे उभे राहिले, आणि याच राजाला राजवाड्याच्या अंगणात आणलेल्या मृतांपुढे टोपी काढावी लागली.

येथे थांबलो असतो तर गोष्ट गोड झाली असती. पण त्या सभेत कोण बसले होते? जमीनदार, नगरांतील धनिक आणि थोडे मोठे शेतकरी. जून १८४४ मध्ये सायलेशियातील विणकर मजुरीसाठी उठले होते, लष्कराच्या गोळीबारात त्यांचे अकरा जण मेले होते. त्यांच्यातला एकही त्या सभेत नव्हता. १८१६ च्या खुलाशाने बाहेर फेकला गेलेला कसणाराही नव्हता. म्हणून रस्त्यावरची माणसे पुढे सरकताच धनिकांना राजा पुन्हा जवळचा वाटू लागला. डिसेंबर १८४८ मध्ये राजाने स्वतःच्या अधिकारात घटना बहाल केली आणि १८४९ मध्ये त्रिवर्गीय मतदान आले. भरलेल्या करानुसार मतदारांचे तीन वर्ग झाले. वरच्या वर्गातील मूठभरांना तळच्या प्रचंड बहुसंख्येइतकेच वजन मिळाले. ती पद्धत १९१८ पर्यंत चालली. तिजोरीची किल्ली ज्यांच्या हाती, सनद त्यांची झाली.

मित्रहो, व्हिक्टोरियाचा उल्लेख वर आला. तिच्या १८५८ च्या जाहीरनाम्यातील वचनांकडे बोट दाखवीत आपल्या एका पिढीने अर्ज केले. ते अर्ज व्यर्थ नव्हते. वचनाची आठवण देत राहणे हेही काम आहे. याकोबीने तेच केले. पण आठवण देणाऱ्याच्या मागे संघटित बळ उभे राहिले नाही, तर वचन देणारा दरवेळी नवा खुलासा काढतो.

म्हणून आपल्यापुढे माझी एक साधी सूचना आहे. आपण प्रत्येक तालुक्यात एक वही ठेवावी. घोषणा कोणती, कायदा कोणता, नियम कोणते, आणि नियमातल्या कोणत्या शब्दाने कोण वगळला गेला, हे तारखेसह तीत लिहावे. वगळल्या गेलेल्या माणसाला शोधून त्याच्या शेजारी बसावे. आणि कधी निषेधाचा कागद आपल्यासमोर आला, तर भाषा दुरुस्त करण्यासाठी उद्यापर्यंत थांबू नये.